टिकारामचं अर्धं वाक्य

सरकारी कागदावर त्या यंत्राचं नाव होतं 'कालमंदक संच, नमुना तीन'. आता सालेकशाच्या जंगलपट्टीत असलं नाव कोण घेणार, सांगा! तांब्याच्या बारीक तारांची जाळी, चार कोपऱ्यांना चार दांडे, मधे एक खाट. पाहणाऱ्याला मच्छरदाणीच वाटायची. म्हणून गावानं तिला 'सवडीची मच्छरदाणी' म्हटलं आणि तेच नाव चिकटलं. माणूस खाटेवर ठेवायचा, जाळी सोडायची, तिच्या तोंडाची दोरी आवळायची आणि पेटीवरची कळ फिरवायची. आत एक सेकंद सरतो, तेवढ्यात बाहेर पुरा एक दिवस उलटतो. मरणाच्या दारात उभ्या माणसाला डॉक्टर येईपर्यंत सवड मिळावी, एवढंच तिचं काम. फुकटची जादू नव्हती ती. तिला बॅटरी लागायची, सांभाळणारं माणूस लागायचं आणि माणसाला डोकं लागायचं.

ते डोकं उपकेंद्राच्या अल्का सिस्टरकडे होतं. चौतीस वर्षांची बाई, याच गावच्या बौद्धवाड्यातली, आवाज असा की नळावरची भांडणं तिच्या खाकरण्यानं थांबायची. यंत्र शिकायला तिला दोन आठवडे पुण्याला पाठवलं होतं. तिथं लोकांनी तिला दोन आठवडे "अहो, जरा शुद्ध बोला" म्हणून ऐकवलं, आणि तिनं दोन आठवडे आपलंच बोलून दाखवलं. परीक्षेत मात्र पहिली आली. त्यानंतर तिला कुणी काही म्हणालं नाही.

गावानं काही लगेच विश्वास ठेवला नाही. "सिस्टर, वेर कधी थांबते का?" म्हणून लोक हसले. वेर म्हणजे वेळ. अल्कानं वाद घातला नाही. निवृत्त मास्तर ईश्वरदास गुरुजी सगळ्यात मोठ्यानं हसत होते, म्हणून तिनं त्यांचीच कोंबडी मागून घेतली आणि जाळीत सोडली. कोंबडीनं मंगळवारी उचललेला पाय बुधवारी खाली ठेवला. चार दिवसांत चार पावलं चालली. गुरुजी रोज सकाळी येऊन बघायचे आणि घरी जायचे. पाचव्या दिवशी कोंबडी बाहेर आली, दाणे टिपायला लागली, आणि गावाचं हसू बंद झालं.

हे सन दोन हजार सातच्या उन्हाळ्यातलं. खरा प्रसंग आला जुलैत, रोवण्याच्या, म्हणजे भातलावणीच्या, ऐन दिवसांत.

सोमवारी सकाळी टिकाराम आपल्या बांधीत, भाताच्या खाचरात, पऱ्ह्याच्या म्हणजे रोपांच्या जुड्या बायकांना देत होता. पन्नाशीचा माणूस, अंगानं काटक, बोलायला कंजूस. एका जुडीखाली नाग बसलेला, तो त्याच्या मनगटाला डसला. टिकाराम ओरडला नाही. "साप होता," म्हणाला आणि शेताकडेच्या धुऱ्यावर बसला. त्याचा भाऊ चैतराम यानं त्याला ट्रॅक्टरवर घातलं आणि चिखल तुडवत उपकेंद्रात आणलं. मागून टिकारामची बायको नंदाबाई पळत आली, डोक्यावरचा पदर पार खांद्याखाली, पाय गुडघ्यापर्यंत चिखलात. रोवणाऱ्या बायकांसाठी शिदोरी बांधता बांधता ती तशीच निघाली होती.

अल्कानं पाहिलं. पापण्या जड झालेल्या, जीभ वळत नव्हती, पण श्वास ठीक होता. डसून अर्धा तास झाला होता. उपकेंद्रात सापाचं इंजेक्शन नव्हतं; ते होतं तालुक्याच्या दवाखान्यात. आणि गाव आणि तालुका यांच्या मधला नाला पहाटेपासून रपट्याच्या ठेंगण्या पुलावरून कमरेइतका वाहत होता. अल्कानं पाण्याच्या टाकीची शिडी चढून फोन लावला, कारण गावात मोबाईलला रेंज मिळायची ती फक्त टाकीवर. तालुक्याची डॉक्टर साक्षी पलीकडून म्हणाली, "इंजेक्शन आहे, मी स्वतः घेऊन येते, पण नाला उतरल्याशिवाय मला माणसं पाण्यात पाय घालू देणार नाहीत. तुमच्याकडे किती वेळ आहे?"

"जाळीबाहेर अर्धा तास," अल्का म्हणाली. "जाळीत तुमाले पाहिजे तेवढा."

खाली आली आणि तिनं कुणाला विचारलं नाही. विचारायला बसली असती तर पाच जणांची सहा मतं निघाली असती. टिकारामला खाटेवर घेतलं, हाताला सलाईनची सुई आधीच लावून ठेवली, नळी बाहेर काढली. चार दांडे नीट केले, जाळी सोडली, दोरी आवळली. नंदाबाई उशाशी उभी होती. टिकारामनं मोठ्या कष्टानं मान वळवली, तिच्याकडं पाहिलं आणि म्हणाला, "नंदे..."

पुढचं बोलायला त्यानं तोंड उघडलं आणि त्याच क्षणी अल्कानं कळ फिरवली. जाळी गुणगुणली. टिकाराम तोंड अर्धवट उघडं ठेवून तसाच राहिला.

"का म्हनत होते ते?" नंदाबाईनं विचारलं.

"समजंल, मावशे. बोलू दे त्याहिले सावकाश."

"थोडं उघडा ना. बोलनं आयकून घेतो, मंग लावा परत."

अल्कानं तिला हाताला धरून बाकावर बसवलं आणि सरळ सांगितलं. ही जाळी एकदा उघडली की सहा तास पुन्हा लागत नाही, पेटी निवायला तेवढा वेळ घेते. टिकाराममामाजवळ आहे अर्धा तास. म्हणजे इंजेक्शन दारात येण्याआधी जाळी उघडली तर माणूस गेला. "यात काई गोलमाल नाई," अल्का म्हणाली. "मी हाय तोपर्यंत ही दोरी सुटनार नाई. तू घरी जा, दोन घास खा, झोप."

नंदाबाई घरी गेली नाही. ती बाकावर बसली ती बसलीच.

आता गाव म्हणजे गाव. जाळीत माणूस बोलत आहे, पण शब्द दिवसाच्या चालीनं बाहेर पडणार, हे कळल्यावर रोवणा आटपून जो तो उपकेंद्राकडं यायला लागला. आवाज काही यायचा नाही. दिसायचे ते फक्त ओठ. सोमवार संध्याकाळपर्यंत टिकाराम श्वासच घेत होता. मंगळवारी दुपारी जीभ वर गेली आणि तोंड उघडायला लागलं.

तेव्हा ईश्वरदास गुरुजी पुढं सरसावले. "बाजू व्हा. तीस वर्षं परीक्षेच्या हॉलात उभा राहिलो मी. पोरं ओठ हलवून उत्तरं सांगत, आवाज न काढता. मी पाठीमागून नाही, पुढून पकडत होतो. मला ओठ वाचता येतात." त्यांनी चष्मा पुसला, जाळीपाशी खुर्ची ओढली आणि बसले. संध्याकाळी त्यांनी जाहीर केलं, "पहिलं अक्षर 'जा'."

बाहेर कुजबुज झाली. जा म्हणजे काय? जावई? जागा? चैतरामला वाटलं, जांभळीखालच्या बांधीचं काही सांगत असेल, तिथं पाणी तुंबलं होतं. नंदाबाईपुढं कुणीतरी भाताची थाळी ठेवली होती, तिला तिनं हात लावला नाही. नुसता काळा चहा प्यायची. अल्कानं दोनदा सांगून पाहिलं, तिसऱ्यांदा रागावली. "तू पडलीस तं तुले घालाले माह्याजवळ दुसरी जाळी नाई!" तरी नाही. "ते आत उपाशी, मी भाइर कशी जेवू?" म्हणाली. यावर अल्काकडं उत्तर होतं, की मामाला आत दोन सेकंदही झाले नाहीत, एवढ्यात कुणाला भूक लागत नाही. पण बाईचं तोंड पाहून तिनं ते पोटातच ठेवलं.

बुधवारी सकाळी दुसरंच झेंगट उभं राहिलं. वादळानं तारा तुटलेल्या, गावात मंगळवार दुपारपासून लाईट नव्हती. पेटीच्या बॅटऱ्या पुण्याच्या लोकांनी दीड दिवसाच्या म्हणून दिल्या होत्या. अल्कानं काटा पाहिला. निम्म्यावर आला होता आणि डोळ्यांदेखत खाली सरकत होता. ती टाकीवर चढली आणि पुण्याच्या आगाशे साहेबांना फोन लावला. आगाशे साहेब भला माणूस. यंत्र त्यांनीच बनवलं होतं. पण गोंदियाच्या पलीकडं मराठी कशी बोलतात, हे त्यांनी कधी ऐकलं नव्हतं.

"साहेब, अल्का सिस्टर बोलून राहिली. आत पेशंट हाय आणि बॅटरी उतरून राहिली."

"उतरून राहिली? कधीपासून?"

"सकारपासून."

"अहो, मग आत्ता सांगताय? उघडा, ताबडतोब उघडा जाळी! मेलेल्या बॅटरीवर जाळी तशीच राहिली तर आत साचलेला वेळ एकदम अंगावर येतो. अर्ध्या मिनिटात माणूस जाईल. आधी उघडा, मग बोला!"

अल्का शिडीवरून कशी उतरली, तिचं तिला कळलं नाही. आयुष्यात तिची पहिल्यांदा बोबडी वळली होती. खोलीत शिरली, दोरीला हात घातला, एक पीळ सोडवलासुद्धा. आणि काट्याकडं नजर गेली. काटा अजून निम्म्यावर. पेटी नीट गुणगुणत होती. मेलेली बॅटरी कुठं आहे? तिनं हात तिथंच थांबवला. साहेब काय म्हणाले? उतरून राहिली, कधीपासून. म्हणजे साहेबांनी ऐकलं, की बॅटरी सकाळी उतरली आणि तशीच उतरलेली राहिली!

"अरे बाप्पा!" ती मोठ्यानं म्हणाली. पीळ पुन्हा घट्ट केला आणि परत शिडी चढली. या वेळी तिनं शब्द निवडून, एकेक तोडून टाकला. "साहेब, नीट ऐका. बॅटरी उतरली नाही. उतर-ते आहे. आता, या वेळेला, हळूहळू उतरते आहे. काटा निम्म्यावर आहे."

पलीकडं साहेबांनी जोरात सुस्कारा सोडला. "मग उघडू नका! देवाशपथ उघडू नका! मग तुम्ही 'राहिली' का म्हणालात हो?"

"आमी असंच बोलतो. मी जाऊन राहिली म्हनजे मी जाते आहे."

"मला वाटलं असतं, तुम्ही कुठंतरी गेलात आणि तिथंच राहिलात."

"तिथंच राहिली असती तं तुमाले फोन कोनं केला असता?" अल्का म्हणाली. भीती उतरली की तिची जीभ अशी सुटायची. "आता सांगा, कोनती बॅटरी चालते?"

बारा व्होल्टची कुठलीही चालत होती. काटा लाल रेघेला लागायच्या आत जोडायची, एवढंच पथ्य. अल्का खाली आली आणि तिनं गावातले ट्रॅक्टर मोजले. पाच निघाले. "चैतरामभाऊ, पाचही बॅटऱ्या काढून आना."

"सिस्टर, रोवण्याचे दिवस हायेत. चिखलनी कशानं करू?"

"बैलानं करा. बाप करत नव्हता का तुमचा?"

चैतरामनं डोकं खाजवलं आणि गेला. तासाभरात पाच बॅटऱ्या ओट्यावर ओळीनं लागल्या. अल्कानं स्वतः पाना घेतला आणि पहिली जोडली. काटा वर सरकला. बायकांनी टाळ्या वाजवल्या. अल्कानं त्यांना "नाटक पाहाले आल्या का?" म्हणून हटकलं, पण मनातून ती खूश होती, आणि ते तिच्या तोंडावर सरळ दिसत होतं.

ही खुशी दुपारपर्यंत टिकली. दुपारी गुरुजी खुर्चीवरून उठले, चष्मा काढला आणि खाली बघत म्हणाले, "ओठांचा चंबू झाला होता, तो आता मोडला. जीभ दाताला लागली. जा, ऊ, न. जाऊन."

कुणाला पुढचं विचारायची गरज पडली नाही. या मुलखात 'जाऊन' म्हटलं की पाठोपाठ 'राहिलो' येणारच. बाजारात जाऊन राहिलो, शेतावर जाऊन राहिलो, दिवसातून पन्नास वेळा प्रत्येकाच्या तोंडी तेच. मनगटाला नाग डसलेला माणूस बायकोचं नाव घेतो आणि म्हणतो, जाऊन राहिलो. बायकांनी पदर तोंडाला लावले. चैतराम भिंतीला टेकला.

नंदाबाई उठली. तीन दिवस बाकावर बसलेली बाई, पण उठली ती ताडकन. सरळ जाळीपाशी गेली आणि दोरीला हात घातला.

"मावशे, सोड," अल्का म्हणाली.

"नाई सोडत! उघडा हे."

"उघडलं तं मरतीन ते."

"मरू द्या! मरनार तं हायेतच, तेच सांगून राहिले ना ते? पन असं सांगून नाई जायचं!" तिनं दोरी मुठीत आवळली. "तीस वर्सं झाली लग्नाले. एक दिवस मानूस घरातून 'जातो' म्हनून निंगाला नाई. भांडून निंगाला तरी दारातून 'येतो' म्हने, मंग मी चूल फुकाले लागो. आन आज 'जाऊन राहिलो'? मले उघडून द्या. मी त्याहिच्या तोंडातून 'येतो' काढून घेतो. मंग काई होऊ द्या. तेवढा एक शब्द पाहिजे मले, सिस्टर, जास्त नाई मागत."

अल्काला वाटलं, हिचा हात मुरगळून बाजूला करावा. तेवढी ताकद तिच्यात होती. पण हात मुरगळून काय होणार? ही बाई रात्री दोरी सोडेल, उद्या सोडेल. रोज किती पहारा करायचा? आणि खरं सांगायचं तर तिचं म्हणणं अल्काला पटत होतं. दारातून निघणाऱ्या माणसानं 'येतो' म्हणायचं असतं, हे तिच्या आईनंही तिला तसंच शिकवलं होतं. तिच्या नवऱ्यानं घाईत कधी 'जातो' म्हटलं, तर ती त्याला उंबरठ्यावरून परत बोलवायची. आता हिला काय सांगायचं, की शब्दानं काही होत नसतं? सकाळीच एका 'राहिली'पायी टिकाराम मरता मरता वाचला होता.

आणि तिथंच तिला सुचलं.

"मावशे, एक सांग," ती म्हणाली. "'जाऊन'च्या पुढं 'राहिलो'च येते का? दुसरं काई येत नाई?"

नंदाबाईनं तिच्याकडं पाहिलं.

"टिकाराममामा बाजारात निंगाले, सायकल काढली, तुले का म्हनत?"

नंदाबाईच्या ओठांची थोडी हालचाल झाली. "जाऊन येतो."

"मंग? वाक्य पुरं झालं का त्याहिचं? तू अर्ध्यातच रडाले बसली! पुरं होऊ दे. 'राहिलो' निंगालं तं मी सोताच्या हातानं दोरी सोडतो, तुह्या मनासारखं कर. आन 'येतो' निंगालं तं तू माह्यासमोर पोटभर भात खाशील. बोल, कबूल?"

'राहिलो' निघालं असतं तर? अल्कानं दोरी सोडली असती का? नसती सोडली. शब्द मोडला असता, शिव्या खाल्ल्या असत्या, पण दोरी नसती सोडली. नंदाबाईला मात्र यातलं काही दिसलं नाही. तिला समोर एक बाई दिसली जिला आपल्या बोलण्याची खात्री आहे. तिनं दोरीवरचा हात काढला आणि पदरानं तोंड पुसलं.

"कबूल," म्हणाली. "पन मी बाकावर नाई बसत. मी इथंच बसतो."

आणि ती खाटेपाशी जमिनीवर मांडी घालून बसली.

मग काय, गावात दोन तट पडले. एक 'राहिलो'वाला, एक 'येतो'वाला. बायका सगळ्या 'येतो'कडं. चैतराम कुठल्याच तटात नव्हता, पण बॅटरी बदलायला तोच सगळ्यांच्या आधी हजर व्हायचा. पाना आता अल्काला हातात धरावाच लागत नव्हता. दुसरी बॅटरी उतरली, तिसरी लागली, तिसरी उतरली, चौथी लागली.

गुरुवारी सकाळी पाऊस थांबून ऊन पडलं. अल्का टाकीवर चढली, तर डॉक्टर साक्षीचाच फोन आला. नाला गुडघ्यावर आला होता. पलीकडच्या लोकांनी दोर बांधला, आणि डॉक्टर इंजेक्शनाचा डबा डोक्यावर बांधून दोराला धरून निघाली होती. अल्कानं टाकीवरूनच हाक मारली, "चैतरामभाऊ, ट्रॅक्टरले बॅटरी लावा आन नाल्यावर जा!" आणि खाली येऊन सलाईन टांगलं, बाटल्या मांडल्या, ऑक्सिजनचं नळकांडं उघडून पाहिलं.

गुरुजी खुर्चीवर, नाक जाळीला लागेल इतके पुढं. "ओठ सुटले. दात दिसत आहेत," ते सांगत होते. मग बराच वेळ काही नाही. नंदाबाईनं त्यांच्याकडं पाहायचं सोडलं होतं. ती टिकारामच्या तोंडाकडंच बघत होती.

"'रा' म्हणायला तोंड उघडावं लागतं," गुरुजी म्हणाले. "हे उघडत नाही. हे... हे कानाकडं ताणलं जातं." आणि मग तीस वर्षं वर्गात कधी ओरडले नसतील असे ओरडले, "ये! 'रा' नाही, 'ये' आहे!"

बाहेर एकच कल्ला झाला. बायकांनी एकमेकींना मिठ्या मारल्या. नंदाबाई रडायला लागली, मोकळ्या गळ्यानं, हमसून हमसून. "जाऊन येतो म्हनून राहिले! सिस्टर, जाऊन येतो म्हनून राहिले!" अल्काच्याही डोळ्यांत पाणी आलं. तिनं ते मनगटानं पुसलं आणि सगळ्यांना दाराबाहेर काढलं, कारण ट्रॅक्टरचा आवाज आला होता.

डॉक्टर साक्षी मांड्यांपर्यंत भिजलेली आत आली. कुंकवाएवढा चिखल कपाळाला. तिनं डबा उघडला, औषध पाण्यात कालवलं, सलाईनमध्ये घातलं, नळी जोडली. "तयार?"

"तयार," अल्का म्हणाली आणि नंदाबाईकडं वळली. "सोड, मावशे. तूच सोड दोरी."

नंदाबाईनं गाठ सोडली. अल्कानं कळ फिरवली. गुणगुण थांबली, जाळी वर गेली, औषध नळीतून चालू लागलं, आणि तीन दिवस ताणलेला टिकारामचा शब्द पुरा झाला.

"...ये," तो म्हणाला, जड जिभेनं.

"या! कवाही या!" नंदाबाई त्याच्यावर ओणवी झाली. "मी आयकलं, जाऊन येतो म्हनले तुमी. कुठं जायाचं नाई आता."

टिकाराम तिच्याकडं बघतच राहिला. त्याच्या लेखी ही बाई आत्ता उशाशी धडधाकट उभी होती. आता तीच अंगावर वाकलेली, गाल बसलेले, केस सुटलेले, ओठ सुकलेले. डोळे उघडे ठेवायला त्याला कष्ट पडत होते, तरी त्यानं ते मोठे केले.

"कोन... जाऊन राहिला?" तो म्हणाला. "मी म्हनलो, जेवून ये."

दारात उभ्या गुरुजींनी चष्मा काढला. तोंड आधीच अर्धवट उघडं, त्यात 'जे' त्यांना 'जा' दिसला होता! अल्कानं तोंडावर हात दाबून धरला.

"जेवून ये," टिकाराम पुन्हा म्हणाला. त्याला वाटलं, बायकोला ऐकू आलं नाही. "सकारपासून... उपाशी हायेस तू."

नंदाबाईचं रडणं थांबलं. ती ताठ झाली. तीन दिवसांची भीती, जागरण, भूक, सगळं एकदम तिच्या तोंडी आलं.

"सकारपासून नाई जी," ती कडाडली, "सोमवारपासून!"

मग तिनं अल्काकडं हात पुढं केला आणि भात मागितला. तिथंच खाटेपाशी, एक हात नवऱ्याच्या पायावर ठेवून, ती जेवायला बसली. डॉक्टर नाडी मोजत होती. टिकारामला काही कळत नव्हतं, पण ती जेवत आहे एवढं त्याला दिसत होतं, आणि तो तिचे घास बघत पडून राहिला.